अ‍ॅनिमल क्रॉसिंग: न्यू होरायझन्स – संग्रहालय पूर्ण भरण्यासाठी

खाडीकाठचा

नमस्कार मंडळी. न्यू होरायझन्स या निन्टेन्डो स्विचवरच्या खेळात आपल्या बेटावर जे संग्रहालय असतं, त्याबद्दलचे प्रश्न इथे दहा धाग्यांत विखुरलेत. ते एका जागी यावेत म्हणून हा धागा काढतोय. जाणकारांनी भर घालावी, चुकीचं असेल तिथे टोकावं.

आधी आकडे. मासे ८०, किडे ८०, समुद्री जीव ४०, जीवाश्मांचे भाग ७३ आणि कलाकृती ४३. एकूण ३१६. २० मार्च २०२० ला खेळ आला तेव्हा फक्त मासे, किडे आणि जीवाश्म होते. कलादालन त्याच वर्षीच्या एप्रिलमधल्या अपडेटने आलं, पाण्यात बुडी मारून पकडायचे जीव जुलैत. त्यामुळे अगदी सुरुवातीच्या याद्या हाताशी घेऊन बसलात तर हिशेब जुळणार नाही.

सुरुवात अशी: कुठलेही ५ वेगवेगळे मासे किंवा किडे बेटाचा कारभार बघणाऱ्या टॉम नूकला द्या. तो संग्रहालय सांभाळणाऱ्या ब्लेथर्स या घुबडाचा तंबू देतो. तंबू जिथे रोवाल तिथेच पुढे संग्रहालय उभं राहतं. इमारत ७ चौकोन रुंद आणि ४ चौकोन खोल असते, म्हणून तेवढी जागा आणि समोर चालायला थोडं अंगण सोडून तंबू लावा. नंतर हलवता येतं, पण ५०,००० बेल्स (खेळातलं चलन) मोजावे लागतात. दुसऱ्या दिवशी ब्लेथर्स येतो, फावडं आणि उडीची काठी बनवायची कृती देतो आणि आणखी १५ नमुने मागतो. ते झाले की बांधकाम सुरू होतं.

आता मुख्य मुद्दा. संग्रहालयात दोन प्रकारची टंचाई असते आणि त्यांचे उपाय एकमेकांच्या उलट आहेत. मासे, किडे आणि समुद्री जीव मिळत नाहीत ते बहुतेक वेळा नशिबामुळे नव्हे, तर महिना, वेळ, जागा आणि हवामान यांतलं काहीतरी चुकतंय म्हणून. जीवाश्म आणि कलाकृती यांत मात्र खरंच सोडत असते. तिथे कॅलेंडर बघून उपयोग नाही, तिथे देवाणघेवाण लागते. 'मिळतच नाही' अशी तक्रार करण्याआधी आपली अडचण यांपैकी कोणती ते ठरवा.

आणि एक नियम सगळ्यांसाठी: नवीन काही हाती लागलं की आधी ब्लेथर्स, मग दुकान. क्रिटरपीडियात, म्हणजे पकडलेल्या जीवांच्या यादीत, नोंदीवर छोटं घुबड दिसलं की तो जीव संग्रहालयात पोचलाय. नोंद आहे पण घुबड नाही, म्हणजे पकडून विकून टाकलाय.

नवखा_बेटकर

धागा काढल्याबद्दल आभार. माझा प्रश्न माशांचा. एकाच नदीत तेच तेच मासे लागतात. ब्लॅक बास आणि सी बास सोडून काही येत नाही. जागा बदलून खरंच फरक पडतो का?

खाडीकाठचा

खूप पडतो. पाण्याचे प्रकार खेळ वेगवेगळे धरतो: साधी नदी, कड्यावरची नदी, नदीचं मुख, तळं, समुद्र आणि धक्का. एका प्रकारातला मासा दुसऱ्यात येत नाही. (तुम्हाला सी बास लागतोय म्हणजे तुम्ही समुद्रातही गळ टाकताय.)

कड्यावरची नदी म्हणजे जमिनीपासून एक पायरी तरी वर वाहणारं पाणी. गोल्डन ट्राउट फक्त तिथे. मार्च ते मे आणि सप्टेंबर ते नोव्हेंबर, दुपारी ४ ते सकाळी ९. पाण्यात दिसणारी माशाची सावली मध्यम. स्ट्रिंगफिशही तिथेच, डिसेंबर ते मार्च, वेळ तीच, पण सावली बरीच मोठी. सावलीवरून निम्मी निवड आधीच होते. गोल्डन ट्राउट हवा असेल तर भल्यामोठ्या सावलीवर वेळ घालवू नका.

नदीच्या मुखाशी स्टर्जन (सप्टेंबर ते मार्च), सॅमन आणि किंग सॅमन. शेवटचे दोन्ही फक्त सप्टेंबरात. ते हुकले की वर्ष गेलं.

धक्क्यावर ट्यूना (नोव्हेंबर ते एप्रिल), ब्लू मार्लिन (जुलै ते सप्टेंबर आणि नोव्हेंबर ते एप्रिल), माही-माही आणि जायंट ट्रेवॅली (दोन्ही मे ते ऑक्टोबर). धक्का लहान, त्यामुळे तिथे सावल्या आपोआप क्वचितच दिसतात. इथे आमिषाशिवाय पर्याय नाही. किनाऱ्याच्या वाळूत जिथे पाण्याची बारीक चिळकांडी उडते तिथे खणा, मॅनिला क्लॅम निघते, आपल्या तिसऱ्यांच्या जातीतली. एका शिंपलीचं एक आमिष. खिशाच्या एका कप्प्यात १० आमिषं मावतात. चार-पाच कप्पे भरून मगच धक्क्यावर जा. दहा आमिषं टाकून 'ट्यूना येत नाही' म्हणणं घाईचं आहे.

आमिषाने मासा बोलावला तरी तो त्या महिन्याचा, त्या वेळेचा, त्याच पाण्याचाच येतो. आमिष दुर्मीळ मासा आणत नाही, सोडत पटकन काढून देतं एवढंच. सावली लहान दिसली आणि तुम्हाला मोठा हवा असेल तर पळवून लावा आणि पुढचं टाका.

तळ्याकाठी

गळाबद्दल एक जोडतो. मासा चार वेळा नुसता टोचून जाऊ शकतो, पण पाचव्यांदा नक्की गिळतो. म्हणून चार मोजले की पाचव्याला बिनधास्त ए बटण दाबा. आधीच्या टोचण्यांना बोटं हलवू नका. डोळ्यांपेक्षा कान जास्त कामाचे आहेत: टोचण्याचा आवाज बारीक असतो, गिळण्याचा 'डुबुक' जड असतो. कंट्रोलरची थरथर चालू ठेवा, तिथेही फरक कळतो.

आणि सीलाकँथ. वर्षभर मिळतो, दिवसातून कधीही मिळतो, पण पाऊस पडत असताना आणि समुद्रात. सावली सगळ्यात मोठी. बेटावर पाऊस दिसला की बाकी कामं बाजूला ठेवून किनारा गाठा. बॅरेलाय याच्या उलट: वर्षभर, रात्री ९ ते पहाटे ४, आणि सावली लहान. १५,००० बेल्सचा मासा इतक्या लहान सावलीत असेल असं वाटत नाही, म्हणून लोक ती सावली सोडून पुढे जातात. रात्री समुद्राकाठची प्रत्येक लहान सावली तपासा.

ठिपक्यांची_रांगोळी

माझी नोकरी दिवसाची. संध्याकाळी सातनंतरच खेळता येतं. दिवसा मिळणाऱ्यांचं काय करायचं? घड्याळ बदलणं हाच मार्ग आहे का?

रातकिडा

नाही. उन्हाळ्यातले दिवसाचे जीव शनिवार-रविवारात बसतात. जायंट स्नेकहेड हा खरा अडचणीचा: तळ्यात, जून ते ऑगस्ट, फक्त सकाळी ९ ते दुपारी ४. तीन महिन्यांतल्या सुट्ट्या पुरतात, पण त्या वेळेत तळ्यावरच जायचं, दुसरीकडे रमायचं नाही. नेपोलियनफिशही नुसता जुलै-ऑगस्टचा, समुद्रात पहाटे ४ ते रात्री ९. म्हणजे तुम्हाला सातनंतरही दोन तास मिळतात. डोराडो नदीत जून ते सप्टेंबर, तोही पहाटे ४ ते रात्री ९.

उलट रात्रीची पाळी किड्यांसाठी फायद्याची आहे. ताडासारख्या झाडांवर, म्हणजे किनाऱ्यावरच्या नारळांवर, बसणारे मोठे भुंगे बहुतेक संध्याकाळी ५ ते सकाळी ८ या वेळेतले: हॉर्न्ड हरक्यूलीस, गोल्डन स्टॅग, जिराफ स्टॅग (तिघेही १२,००० बेल्स), हॉर्न्ड एलिफंट, सायक्लोमॅटस स्टॅग. हे सगळे जुलै आणि ऑगस्टचे. हॉर्न्ड अ‍ॅटलस सप्टेंबरपर्यंत थांबतो, गोलायथ जून ते सप्टेंबर. म्हणून जुलै उजाडण्याआधी किनाऱ्यावर नारळ हवेत. नारळ फक्त वाळूत रुजतो आणि रोपाचं झाड व्हायला दिवस लागतात. जूनच्या शेवटच्या दिवशी लावून चालत नाही.

पकडताना जाळी हातात घेऊन ए दाबून ठेवा. तसं केलं की पावलं हळू पडतात. भुंगा सावध झाला तर जागीच थांबा, शांत झाला की पुढे. पळत गेलात तर दुरूनच उडून जातो, आणि १२,००० चा भुंगा परत कधी बसेल याची खात्री नाही.

नवखा_बेटकर

विंचू आणि टॅरँटुला कसे ओळखायचे? दोनदा बेशुद्ध पडून घरासमोर उठलो.

रातकिडा

दोघेही संध्याकाळी ७ ते पहाटे ४. टॅरँटुला नोव्हेंबर ते एप्रिल, विंचू मे ते ऑक्टोबर. एका वेळी एकच हंगाम असतो, त्यामुळे कोण समोर आहे ते महिन्यावरून कळतं. दोघांशी वागायची पद्धत एकच: त्याने पुढचे पाय उचलले की हालचाल पूर्ण बंद. पाय खाली ठेवले की दोन पावलं पुढे. जाळीच्या टप्प्यात आला की मारा. जाळी हातात असताना तो जास्त चिडतो, पण नसताना पकडता येत नाही, म्हणून सावकाश जाणं एवढंच हाती आहे. नाहीतर खड्डे खणून किंवा पाण्याच्या काठाशी उभं राहून त्याला सरळ यायला अडथळा ठेवा.

किड्यांच्या यादीत जे शेवटी उरतात ते महाग नसतात, विचित्र जागी राहतात:

माशीला कचरा हवा. गळाला लागलेला बूट, टायर, डबा फेकू नका. एक जमिनीवर ठेवा, माशी येते.

मुंगीला सडलेला सलगम. डेझी मे ही फेरीवाली रविवारी सकाळी सलगम विकते, ते आठवड्यानंतर सडतात. सगळ्यात लहान गठ्ठा घ्या आणि बाहेर ठेवून द्या. माशीही त्यावर येते.

पिसू शेजाऱ्यांच्या अंगावर, एप्रिल ते नोव्हेंबर. शेजारी अस्वस्थ दिसला, अंगावर ठिपका उडताना दिसला की जाळी मारा. तो रागावत नाही, उलट आभार मानतो.

मोल क्रिकेट जमिनीखाली, नोव्हेंबर ते मे. किर्रकिर्र आवाज येतो, दिसत नाही. फिरत राहा, आवाज सगळ्यात मोठा होईल तिथे खणा, मग जाळी. हेडफोन लावले तर डावी-उजवी बाजू लगेच कळते.

पिल बग आणि गोम दगडावर फावडं किंवा कुऱ्हाड मारल्यावर बाहेर पडतात, दोघेही सप्टेंबर ते जून. गोम दुपारी ४ ते रात्री ११, पिल बग रात्री ११ ते दुपारी ४. एकाची वेळ संपते तिथे दुसऱ्याची सुरू होते.

गोगलगाय दगडांवर, पण पावसातच.

शेणकिडा डिसेंबर ते फेब्रुवारी, संध्याकाळी ५ ते सकाळी ८, बर्फाचा गोळा ढकलत चालतो. इथे बहुतेकांची गफलत होते: दिवसा सगळे गोळे वापरून हिममानव बनवतात, मग रात्री शेणकिड्याला ढकलायला काही उरत नाही. तो पकडेपर्यंत एक दिवस गोळे तसेच राहू द्या.

व्हायोलिन बीटल आणि रोझेलिया बटेसी खुंटावर बसतात. लोखंडी कुऱ्हाड वापरून (दगडी कुऱ्हाडीने झाड पडत नाही) तीन घावांत झाड पाडा आणि खुंट खणून काढू नका. पाच-सहा खुंट बेटाच्या एका कोपऱ्यात कायम ठेवले तरी पुरे.

आणि जून म्हणजे काजवा. फक्त जून, संध्याकाळी ७ ते पहाटे ४. कोकणात काजवे दिसतात ते पावसाच्या तोंडावर, साधारण त्याच दिवसांत, म्हणून आपल्याला हा महिना लक्षात ठेवणं सोपं जावं.

शिंपलीवाली

समुद्री जीवांबद्दल कुणी लिहिलं नाही, मी लिहिते. पाण्यात उतरायचा पोशाख, म्हणजे वेटसूट, नूक्स क्रॅनी या बेटावरच्या दुकानात ३,००० बेल्सला मिळतो किंवा ८०० नूक माइल्सला (खेळातली कामं करून मिळणारे गुण). तो अंगावर घालून किनाऱ्यावर ए दाबा, पाण्यात उतरता. बुडबुडे दिसतात तिथे वाय दाबून बुडी.

पळणाऱ्या सावलीच्या मागे लागून हवा संपते, हीच तक्रार जास्त असते. ए सारखा दाबत गेलात तर वेग वाढतो, पण दिशा नेमकी राहत नाही आणि सावलीला आधीच चाहूल लागते. आधी वर, पाण्याच्या पृष्ठभागावरूनच सावलीच्या अगदी डोक्यावर या. मग बुडी मारा. मग ती निसटायच्या आत ए एकदा किंवा दोनदा. तरी निसटली तर तिला पोहण्याच्या हद्दीवरच्या दोरीकडे किंवा किनाऱ्याकडे रेटा. तिथे तिला पुढे जाता येत नाही.

जायगस जायंट क्लॅम (मे ते सप्टेंबर, १५,००० बेल्स) सगळ्यात दमवणारी: सावली प्रचंड आणि झेप लांब. तिला कोपऱ्यात घेतल्याशिवाय मिळत नाही. जपानी स्पायडर क्रॅब सावलीला तितकाच मोठा, पण फक्त मार्च-एप्रिल. सी पिग नोव्हेंबर ते फेब्रुवारी, दुपारी ४ ते सकाळी ९. जायंट आयसोपॉड जुलै ते ऑक्टोबर, पण दिवसातून दोन तुकड्यांत: सकाळी ९ ते दुपारी ४ आणि रात्री ९ ते पहाटे ४. संध्याकाळी सहा वाजता शोधत बसलात तर वेळ वाया.

ठिपक्यांची_रांगोळी, समुद्रासाठी सोयीची वेळ म्हणजे रात्री ९ नंतरची. आयसोपॉड, व्हॅम्पायर स्क्विड (मे ते ऑगस्ट), फायरफ्लाय स्क्विड (मार्च ते जून), स्पायनी लॉबस्टर (ऑक्टोबर ते डिसेंबर) हे सगळे आपापल्या महिन्यांत त्या वेळी असतात.

मेलबर्नकर

इथे दक्षिण गोलार्धाचं सांगायला हवं. खेळ सुरू करताना गोलार्ध विचारतात आणि नंतर बदलता येत नाही. वर दिलेले सगळे महिने उत्तर गोलार्धाचे आहेत. ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडमधल्या आपल्या बऱ्याच मंडळींनी दक्षिण निवडलंय, त्यांनी प्रत्येक महिन्यात सहा मिळवावेत. आमच्याकडे सॅमन मार्चमध्ये, काजवे डिसेंबरात, हरक्यूलीस जानेवारी-फेब्रुवारीत.

याचा दोन्हीकडच्यांना फायदा आहे. विरुद्ध गोलार्धातल्या मित्राच्या बेटावर गेलात तर तिथल्या हंगामाचे मासे आणि किडे तुम्ही स्वतः पकडू शकता, आणि ते तुमच्या क्रिटरपीडियात नोंदले जातात. पुण्यातल्याचा नेपोलियनफिश हुकला तर पुढच्या जुलैपर्यंत थांबायची गरज नाही, जानेवारीत इकडे या. ऑनलाइन यायला निन्टेन्डो स्विच ऑनलाइनचं सदस्यत्व लागतं, शेजारी बसून खेळायला लागत नाही.

एक ध्यानात ठेवा: दुसऱ्याच्या बेटावर जाळी आणि गळ कुणालाही चालतो, पण फावडं आणि कुऱ्हाड फक्त 'बेस्ट फ्रेंड' केलेल्यालाच. मोल क्रिकेटसाठी येणार असाल तर ती विनंती आधी पाठवा.

ठिपक्यांची_रांगोळी

आणि मित्राने पकडून नुसता आणून दिला तर?

मेलबर्नकर

संग्रहालय भरतं, क्रिटरपीडिया भरत नाही. ब्लेथर्स कुणी पकडला ते विचारत नाही. पण सोनेरी गळ आणि सोनेरी जाळी यांच्या कृती हव्या असतील तर ८० च्या ८० स्वतः पकडावे लागतात. तुमचं लक्ष्य कोणतं ते आधी ठरवा.

जुनाट_दगड

जीवाश्मांवर सविस्तर लिहितो, कारण इथेच लोक कंटाळून सोडून देतात.

बेटावर रोज पहाटे ५ ला दिवस बदलतो आणि जमिनीवर चांदणीच्या आकाराच्या भेगा उमटतात. त्यांतून दिवसाला ४ जीवाश्म. चारही सापडले नाहीत तर घरांच्या आणि उंच झाडांच्या मागे बघा, कॅमेरा समोरूनच असल्यामुळे तिथल्या भेगा झाकल्या जातात. बेटभर फरशा आणि नक्षी टाकलेल्यांना मोकळी माती कमी उरते, आणि भेग उमटायला मोकळी मातीच लागते. संग्रह पूर्ण होईपर्यंत एखादा मोठा तुकडा गवताचा ठेवा.

आता गणित. ७३ भाग आहेत. प्रत्येक वेळी प्रत्येक भाग येण्याची शक्यता सारखी आहे असं धरलं, तर एकट्याने सगळे जमवायला सरासरी ३५६ च्या आसपास जीवाश्म खणावे लागतील. रोज ४ म्हणजे ८९ दिवस. पण त्याची वाटणी बघा: पहिले ६३ भाग साधारण १४२ जीवाश्मांत होतात आणि शेवटचे १० भाग मिळवायला २१४ लागतात. शेवटच्या एकट्या भागाला सरासरी ७३, म्हणजे अठरा दिवसांहून जास्त. तुमच्याकडे दहा भाग उरलेत आणि काहीच पुढे सरकत नाही असं वाटतंय, तर त्यात बिघाड काही नाही. सोडतीचा स्वभावच असा आहे.

उपाय एकच. ६० च्या पुढे गेलात की दुहेरी भाग विकणं थांबवा. जीवाश्म घराच्या साठवणीत ठेवता येतात (मासे आणि किडे साठवणीत जात नाहीत, लक्षात असू द्या). ब्लेथर्सकडून तपासून घेतलेले, नाव कळलेले दुहेरी भाग जपा आणि अदलाबदल करा. टी. रेक्सची कवटी दुकानात ६,००० बेल्सला जाते, पण ज्याला तीच हवी आहे त्याच्याकडे तुमचा अडलेला भाग असण्याची शक्यता त्या ६,००० पेक्षा कितीतरी मोलाची.

अदलाबदलीत नग मोजा, किंमत मोजू नका. कोप्रोलाइट १,१०० चा आणि ब्रॅकिओची कवटी ६,००० ची असली तरी दोन्ही संग्रहालयात एकेक जागाच भरतात. भाव लावत बसणाऱ्यांचे व्यवहार अडून राहतात.

खाडीकाठचा

जुनाट_दगड, शेवटच्या दहाचा हिशेब फार उपयोगी आहे. यासाठी याच धाग्यात 'हवं / आहे' अशा दोन ओळी लिहून नोंद करूया का? भागाचं नाव पूर्ण लिहा. 'ब्रॅकिओ' एवढंच लिहू नका, त्याचे चार भाग आहेत: कवटी, छाती, कटी, शेपूट.

जुनाट_दगड

चांगलं होईल. आणि जाता जाता: जीवाश्म दालनात जमिनीवर ज्या रेषा आखल्यात त्या मार्गाने चाला. त्या शोभेच्या नाहीत, कोणत्या जीवातून कोणती शाखा फुटली ते दाखवतात. दालन अर्धं रिकामं असताना हे लक्षात येत नाही, भरल्यावर येतं.

चित्रशाळा

कलाकृती विकणाऱ्या रेडबद्दल लिहिते. किमान ६० वस्तू दिल्यावर टॉम नूकची मदतनीस इझाबेल सकाळच्या घोषणेत एका संशयास्पद विक्रेत्याबद्दल सांगते. त्या दिवशी रेड बेटावर फिरताना भेटतो. पहिलं चित्र ४,९८,००० ला सांगतो. नाही म्हणा, ४,९८० वर येतो. हे पहिलं चित्र नेहमी अस्सल असतं. ते ब्लेथर्सला दिलं की दालनाचं काम निघतं. त्यानंतर रेडची होडी बेटाच्या उत्तरेच्या छोट्या लपलेल्या किनाऱ्यावर लागते. तिथे चार कलाकृती असतात. एका खेळाडूला दिवसाला एकच. खरेदी दुसऱ्या दिवशी टपालाने येते.

नकली कलाकृती ब्लेथर्स घेत नाही आणि दुकानही विकत घेत नाही. म्हणून घेण्याआधी 'जवळून बघतो' निवडून मोठं करून बघा आणि तुलना करा.

काही चित्रं कधीच नकली येत नाहीत, ती डोळे झाकून घ्या: सूर्यफुलं (फ्लावरी), तारकांची रात्र (ट्विंकलिंग), होकुसाईची लाट (डायनॅमिक), मिलेच्या सरवा वेचणाऱ्या बायका (कॉमन), सेझानची सफरचंदं (परफेक्ट), ओफेलिया (सिंकिंग), टर्नरचं जहाज (ग्लोइंग). पुतळ्यांत विचारमग्न माणूस (फॅमिलियर) आणि राजा कामेहामेहा (ग्रेट).

बाकीच्यांत एकेक खूण असते. मोनालिसाच्या भुवया वर चढलेल्या असतील तर नकली, व्हर्मेरच्या मोत्याचा डूल घातलेल्या मुलीचा डूल चांदणीसारखा असेल तर नकली. व्हर्मेरच्या दूधवालीच्या हातातून दुधाची जाड धार पडत असेल तर नकली. रेम्ब्रांटच्या पहारेकऱ्यांत मधल्या काळ्या कपड्यातल्या माणसाला टोपी नसेल तर नकली. लिओनार्दोच्या वर्तुळातल्या माणसाच्या चित्रात उजव्या वरच्या कोपऱ्यात कॉफीचा डाग. ब्रॉइगेलच्या बर्फातल्या शिकाऱ्यांत एकच शिकारी. व्हीनसच्या जन्माच्या चित्रात उजवीकडे वर झाडं नाहीत. शिल्पांमध्ये: डेव्हिडच्या हातात पुस्तक, थाळीफेक्याच्या मनगटात घड्याळ, रोझेटा शिळा निळी, रोमच्या लांडगीची जीभ बाहेर, ओल्मेक डोक्यावर हसू, व्हीनस डी मिलोच्या गळ्यात हार, टेराकोटा सैनिकाच्या हातात फावडं, चिनी धातूपात्राला झाकण. हे सगळं नकली.

रेड बेटावर कधी येईल याचा भरवसा नाही. म्हणून २०२१ च्या नोव्हेंबरच्या २.० अपडेटनंतर हार्व्ह या पात्राच्या बेटावरचं रेडचं दुकान उघडून घ्या. तिथल्या वर्गणी गोळा करणाऱ्या लॉइडला १,००,००० बेल्स जमवून द्यावे लागतात. दुकानात दोन कलाकृती कायम असतात, दिवसाला एक खरेदी. विकली गेलेली दुसऱ्या दिवशी बदलते. दोन्ही नकली किंवा दोन्ही तुमच्याकडे असलेल्या असतील, तरी एक विकत घ्या. ४,९८० बेल्स गेले, पण जागा मोकळी झाली आणि उद्या तिथे नवीन माल येईल.

तळ्याकाठी

या शेवटच्या सल्ल्याशी मी सहमत नाही. सुरुवातीच्या दिवसांत ४,९८० बेल्स मोठी रक्कम असते. घराचं कर्ज, पूल, जिने बाकी असताना नकली चित्रावर रोज तेवढे घालवू नयेत.

चित्रशाळा

कर्ज बाकी असताना घालवू नयेत हे मान्य. पण त्या टप्प्यावर हार्व्हकडे १,००,००० बेल्स देण्याची वेळही आलेली नसते. कलादालनात वीसेक कृती उरल्यावर हा हिशेब उलटतो. दिवस जास्त महाग होतात. आणि ३० चित्रं नि १३ पुतळे पूर्ण करायचे तर अस्सल दुहेरी आलेली कृतीही अदलाबदलीला वापरता येते. दुकानात तिचे १,२४५ बेल्सच मिळतात.

ठिपक्यांची_रांगोळी

घड्याळ पुढे-मागे करण्याबद्दल कुणी बोललं नाही. त्यात नेमकं काय बिघडतं?

खाडीकाठचा

संग्रहालयाचं काही बिघडत नाही. दिलेली वस्तू जात नाही. पण घड्याळ मागे नेलं की जवळचे सलगम त्याच क्षणी सडतात. खूप पुढे नेलं तर तण वाढतं. खरं कारण वेगळं आहे. हा संग्रह वर्षभरात भरावा असाच बांधलेला आहे. सप्टेंबरात सॅमन, जूनमध्ये काजवे, डिसेंबरात शेणकिडा. एका आठवड्यात बारा महिने पार केले तर संग्रहालय भरतं, पण बेट ओळखीचं होत नाही. हे माझं मत, नियम नाही. ज्यांची नोकरीची वेळ अशी आहे की जायंट स्नेकहेड कधीच हाती येणार नाही, त्यांनी एक दिवस घड्याळ दुपारी बारावर नेलं तर मला त्यात काही वावगं वाटत नाही.

नवखा_बेटकर

सगळ्यांचे आभार. शेवटचा प्रश्न. ब्रूस्टरचं कॉफीचं दुकान संग्रहालयात कधी उघडतं? सगळं भरावं लागतं का?

शिंपलीवाली

नाही, पूर्ण भरावं लागत नाही. सगळी दालनं उघडलेली हवीत, कलादालनासकट. म्हणून रेडचं पहिलं चित्र टाळू नका. समुद्री जीव आणि जीवाश्मही किमान एकेक दिलेला असावा. मग ब्लेथर्स ब्रूस्टरला शोधायला सांगतो. नावाडी कॅप'नच्या होडीने जा, एका फेरीला १,००० नूक माइल्स. ब्रूस्टर त्या बेटावर भेटेल. परत येऊन ब्लेथर्सला सांगा, एक दिवस संग्रहालय बंद राहील आणि पुढच्या सकाळी दुकान सुरू. कॉफी २०० बेल्स.

जुनाट_दगड

हवं: टी. रेक्सचं धड, डिप्लोची छाती.
आहे: ब्रॅकिओची कवटी (२), अंबर (३), ट्रायसेराची शेपूट.

मेलबर्नकर

हवं: ट्रायसेराची शेपूट.
आहे: डिप्लोची छाती. रविवारी भारतीय वेळेनुसार दुपारी दोनला दार उघडं ठेवतो, या.